उंची आणि मोकळी जागा : वाइड रिसीव्हरच्या अभ्यासाची प्रस्तावना

अमेरिकेतील व्यावसायिक फुटबॉलमध्ये, म्हणजे नॅशनल फुटबॉल लीग या संघटनेच्या सामन्यांत, ज्या खेळाडूचे मुख्य काम पुढे फेकलेला चेंडू झेलणे हे असते त्याला वाइड रिसीव्हर म्हणतात, आणि त्याची निवड करताना उंचीला किती वजन द्यावे हा वाद प्रशिक्षकांत आणि संघव्यवस्थापकांत अनेक दशके चालू आहे. उंच खेळाडू उंचावरचा चेंडू झेलू शकतो हे सांगायला अभ्यासाची गरज नाही. तरीही या खेळातील सर्वोत्तम रिसीव्हरांची नावे उंचीसह लिहून काढली, तर त्यांत ६ फूट ८ इंचांचा खेळाडू सापडतो आणि ५ फूट ९ इंचांचाही सापडतो, आणि एवढ्या फरकाच्या दोन शरीरांना एकाच कामात यश कसे मिळते याचा उलगडा वरच्या साध्या विधानाने होत नाही. प्रस्तुत विवेचनाची भूमिका अशी आहे की उंची हा मैदानावर सर्वत्र सारखाच उपयोगी पडणारा गुण मानणे चुकीचे आहे. रिसीव्हरला हवी असते ती मोकळी जागा, ती आडवी मिळत नसेल तेव्हाच तो ती उभ्या दिशेत शोधतो, आणि ती कोणत्या दिशेत मिळेल हे खेळाचे नियम, मैदानाची मापे आणि प्रतिस्पर्ध्याची मांडणी ही तिन्ही मिळून ठरवतात.

हा खेळ न पाहिलेल्या वाचकासाठी त्याची रचना थोडक्यात सांगणे आवश्यक आहे. मैदान १०० यार्ड लांब आणि ५३ यार्डांहून थोडे अधिक रुंद असते, त्याच्या दोन्ही टोकांना १० यार्ड खोलीचा एकेक पट्टा असतो, त्या पट्ट्याला एंड झोन म्हणतात, आणि चेंडू हातात घेऊन तेथे पोहोचणे किंवा तेथे तो झेलणे म्हणजे टचडाउन, ज्याचे ६ गुण मिळतात. प्रत्येक संघाचे ११ खेळाडू मैदानात असतात. चेंडू ज्याच्या ताब्यात आहे त्या संघाला १० यार्ड पुढे सरकण्यासाठी ४ डाव मिळतात आणि तेवढे अंतर कापले की पुन्हा ४ डाव मिळतात. डावाच्या सुरुवातीला दोन्ही संघ एका काल्पनिक रेषेच्या दोन बाजूंना समोरासमोर उभे राहतात, चेंडू मागे क्वार्टरबॅककडे दिला जातो, आणि तो चेंडू पुढे फेकणार असेल तर ठरलेल्या मार्गाने धावत गेलेल्या एखाद्या सहकाऱ्याला तो दोन-तीन सेकंदांत शोधतो. या ठरलेल्या मार्गाला रूट म्हणतात. रिसीव्हरला अडवणारा मुख्य बचावपटू म्हणजे कॉर्नरबॅक, आणि त्याच्या मागे खोलवर उभा राहून मदतीला धावणारा तो सेफ्टी. रिसीव्हरचा झेल वैध ठरण्यासाठी व्यावसायिक सामन्यात त्याचे दोन्ही पाय मैदानाच्या आत टेकावे लागतात, त्यामुळे सीमारेषेला चिकटून घेतलेले झेल क्रिकेटमधील सीमारेषेवरच्या झेलांइतकेच पायांच्या भानावर अवलंबून असतात.

उंचीचा फायदा प्रत्यक्षात किती असतो हे आकड्यांत मांडले की बरेचसे धुके दूर होते. हात डोक्यावर सरळ ताणल्यावर बोटांची टोके साधारणपणे माणसाच्या उंचीच्या एक आणि एक-तृतीयांश पटीपर्यंत पोहोचतात. तेव्हा ६ फूट ५ इंच, म्हणजे सुमारे १९६ सेंटिमीटर उंचीच्या रिसीव्हरचा पल्ला सुमारे २६१ सेंटिमीटर असेल, तर ५ फूट १० इंच, म्हणजे सुमारे १७८ सेंटिमीटर उंचीच्या कॉर्नरबॅकचा पल्ला सुमारे २३७ सेंटिमीटर असेल. उरलेला फरक २४ सेंटिमीटरांचा, म्हणजे चेंडूच्या लांबीपेक्षा थोडा कमी आहे. चेंडू सुमारे २८ सेंटिमीटर लांब, दोन्ही टोकांना निमुळता असतो, आणि तो दोन्ही पंजांनी धरायचा असल्याने ही पट्टी पूर्णपणे उंच खेळाडूच्या मालकीची होते, कारण त्या उंचीवर प्रतिस्पर्ध्याला चेंडू हिसकावणे तर दूरच, त्याला बोट लावणेही अवघड जाते. परंतु हाच हिशेब दुसऱ्या बाजूनेही वाचावा लागतो. जागेवरून उभी उडी मारण्याच्या चाचणीत रिसीव्हरांमधील फरक सहज २५ सेंटिमीटरांपर्यंत जातो, म्हणजे उत्तम उडी असलेला मध्यम उंचीचा खेळाडू आणि सामान्य उडी असलेला उंच खेळाडू हवेत एकाच पातळीवर येऊ शकतात. त्यात हातांची लांबी प्रत्येकाची वेगळी असते आणि उडीची वेळ साधण्याची जाण तर मापपट्टीच्या बाहेरचीच गोष्ट आहे. उंची हा हवेतील पल्ल्याचा एक घटक आहे आणि तो सर्वांत आधी डोळ्यांत भरतो, एवढेच निश्चितपणे म्हणता येते.

उंचीचा दुसरा फायदा कमी बोलला जातो, पण तो कदाचित अधिक मोलाचा आहे, आणि तो फेकणाऱ्याच्या बाजूने पाहिल्याशिवाय कळत नाही. क्वार्टरबॅकच्या हातून चेंडू सुटताना त्याच्या दिशेत एका अंशाची चूक झाली, तर २० यार्डांवर, म्हणजे सुमारे १८ मीटरांवर, तो चेंडू नेमक्या जागेपासून ३० सेंटिमीटरांहून अधिक ढळतो. अंगावर धावून येणाऱ्या बचावपटूंच्या गर्दीत, तोल सांभाळत, पुढे पळणाऱ्या लक्ष्याच्या अंदाजाने फेकलेल्या चेंडूत एका अंशाची चूक होणे ही नित्याची बाब आहे. अशा वेळी ज्याच्या हातांची पोहोच मोठी आहे तो रिसीव्हर फेकणाऱ्याची चूक पोटात घालतो, आणि म्हणून अननुभवी किंवा अचूकतेत कमी असलेल्या क्वार्टरबॅकच्या संघाला उंच रिसीव्हरची गरज अधिक भासते. अचूक क्वार्टरबॅकला ही सवलत कमी लागते. तेव्हा एखाद्या रिसीव्हरच्या उंचीचे मोल त्याच्या एकट्याच्या शरीरावरून काढणे अपुरे ठरते. त्याला चेंडू कोण फेकणार आहे हे त्या हिशेबात धरावेच लागते.

आता या उंचीसाठी शरीराला काय मोजावे लागते तेही पाहिले पाहिजे. रूटचे सौंदर्य आणि परिणाम दिशाबदलात असतो: पूर्ण वेगाने सरळ धावत असल्याचे भासवून अचानक थांबणे, आत किंवा बाहेर वळणे, आणि त्या एका क्षणात बचावपटूपासून दोन पावलांचे अंतर मिळवणे. उंच माणसाचा गुरुत्वमध्य जमिनीपासून अधिक उंचावर असतो, त्यामुळे थांबण्यापूर्वी किंवा वळण्यापूर्वी त्याला कंबर अधिक खाली आणावी लागते, आणि तसे करताना बचावपटूला त्याच्या हेतूची चाहूल लागते. शिवाय दिशा बदलता येते ती पाय जमिनीवर असतानाच. लांब ढांगा टाकणाऱ्याचे पाय तेवढ्याच अंतरात कमी वेळा जमिनीला टेकतात, म्हणजे त्याला वळण्याच्या संधीही कमी मिळतात. सरळ रेषेत लांब पळताना हीच ढांग त्याच्या उपयोगाची असते. म्हणून उंच रिसीव्हर खोलवरच्या रूटवर भयंकर आणि छोट्या, नागमोडी रूटवर सामान्य, असे चित्र वारंवार दिसते. मात्र ज्या थोड्या उंच खेळाडूंनी कंबर झुकवून वळण्याचे कसब अंगी बाणवले त्यांनीच या खेळात इतिहास घडवला आहे, आणि त्यांच्या यशाचे श्रेय केवळ उंचीला देणे हा त्यांच्या मेहनतीवर अन्याय आहे.

उंचीचा प्रश्न मैदानातील नेमक्या कोणत्या जागेसाठी विचारला जात आहे, हे स्पष्ट न करता त्यावर होणाऱ्या चर्चा बहुधा निष्फळ ठरतात. नियमानुसार आक्रमक संघाचे किमान ७ खेळाडू डाव सुरू होताना रेषेवर उभे असावे लागतात, आणि त्या ओळीच्या दोन टोकांवरचे दोघे व मागे उभे राहिलेले खेळाडू यांनाच पास झेलण्याचा अधिकार असतो. टोकाला, रेषेवरच, बहुधा एकटा उभा राहणारा रिसीव्हर प्रशिक्षकांच्या परिभाषेत एक्स म्हणून ओळखला जातो. तो रेषेवर असल्याने कॉर्नरबॅक त्याच्या तोंडासमोर उभा राहून पहिल्याच क्षणी त्याच्या छातीवर हात टेकवू शकतो, त्याची लय बिघडवू शकतो आणि त्याला सीमारेषेकडे रेटू शकतो. या अडवणुकीला प्रेस म्हणतात. येथे लांब हात आणि भारी शरीर ही अक्षरशः हत्यारे ठरतात, कारण ते हात झटकून टाकल्याशिवाय रूट सुरूच होत नाही. आणि एकीकडे सीमारेषा, दुसरीकडे बचावपटू अशी कोंडी झाल्यावर उरते ती फक्त वरची जागा. विरुद्ध बाजूचा रिसीव्हर, ज्याला झेड म्हणतात, तो रेषेच्या थोडा मागे उभा राहतो. ही पाऊलभर मोकळीक आणि डाव सुरू होण्याच्या क्षणी आडवे सरकण्याची मुभा यांमुळे त्याला प्रेसमधून सुटणे सोपे जाते. तिसरी जागा स्लॉट, म्हणजे बाहेरचा रिसीव्हर आणि मधली रांग यांच्यातील पोकळी. तेथे उभ्या राहिलेल्या खेळाडूच्या दोन्ही बाजूंना मैदान मोकळे असते आणि बचावपटूला सीमारेषेची मदत नसते. समोरच्याचे वजन कोणत्या पायावर आहे हे पाहून आत वळायचे की बाहेर, हे तो धावतानाच ठरवतो. या जागेवर चपळ आणि लवकर वेग घेणारे शरीर कामाला येते. आधुनिक व्यावसायिक खेळात बहुसंख्य डावांत तीन रिसीव्हर मैदानात असतात, म्हणजे स्लॉट ही आता नित्याची जागा झाली आहे, आणि कमी उंचीच्या खेळाडूंसाठी व्यावसायिक खेळाचे दार रुंद झाले त्यामागे हे एक मोठे कारण आहे.

इतिहासात डोकावले की नियम आणि उंची यांचा संबंध अधिक ठळक होतो. चेंडू पुढे फेकण्याला अमेरिकन फुटबॉलमध्ये १९०६ साली मान्यता मिळाली, परंतु रिसीव्हर ही स्वतंत्र कला म्हणून उभी राहिली ती १९३५ ते १९४५ या काळात ग्रीन बे पॅकर्स संघाकडून खेळलेल्या डॉन हटसनमुळे. हटसन ६ फूट १ इंचाचा, सडपातळ बांध्याचा होता. त्याची ताकद वेगात आणि फसव्या वळणांत होती, आणि त्याचा ९९ टचडाउन झेलांचा विक्रम १९८९ पर्यंत टिकला. तो मोडणारा सिअ‍ॅटलचा स्टीव्ह लार्जंट ५ फूट ११ इंचांचा होता. म्हणजे या कलेचा पाया घालणारा खेळाडू आणि त्याचा वारस हे दोघेही निव्वळ उंचीच्या बळावर मोठे झालेले नव्हते, ही गोष्ट पुढच्या चर्चेत विसरली जाते.

उंचीला स्वतंत्र शस्त्र म्हणून वापरण्याचा एक गाजलेला प्रयोग १९५७ साली सॅन फ्रान्सिस्कोत झाला. फोर्टीनाइनर्स संघाचा क्वार्टरबॅक वाय. ए. टिटल हा चेंडू मुद्दाम उंच कमानीत फेकू लागला, आणि महाविद्यालयात बास्केटबॉल गाजवलेला ६ फूट ३ इंची आर. सी. ओवेन्स बचावपटूंच्या घोळक्यातून उडी मारून तो काढून घेऊ लागला; या डावाला अ‍ॅली-ऊप हे नाव पडले. त्यात चलाख रूट नव्हता, फसवे वळण नव्हते. त्यातली कल्पना एवढीच होती की जमिनीवर मोकळीक नसली तरी हवेत ती असू शकते. पुढे १९७१ साली फिलाडेल्फिया ईगल्सने ड्राफ्टच्या, म्हणजे महाविद्यालयीन खेळाडूंच्या वार्षिक निवडीच्या, सातव्या फेरीत ६ फूट ८ इंचांच्या हॅरॉल्ड कारमायकलला घेतले. इतका उंच माणूस या जागेवर धावू शकेल यावर त्या काळी फारसा कोणाचा विश्वास नसावा असे ती सातवी फेरी सुचवते, आणि तरीही १९७३ साली झेलांत व झेल घेऊन मिळवलेल्या यार्डांत तो लीगमध्ये पहिला आला, सलग १२७ सामन्यांत किमान एक झेल घेण्याचा त्या काळचा विक्रम त्याने केला, आणि २०२० साली त्याची हॉल ऑफ फेमसाठी निवड झाली. कारमायकलच्या यशानंतरही त्याच्या उंचीचे रिसीव्हर रांगेने आले नाहीत, ही बाब लक्षणीय आहे. तेवढ्या उंचीसह वळणारे घोटे आणि झुकणारी कंबर दुर्मीळच असते. आणि जे तसे असतात त्यांना बास्केटबॉल ओढून नेतो, किंवा वजन वाढवून टाइट एंड या, अडवणूक आणि झेल अशी दोन्ही कामे करणाऱ्या जागेवर त्यांची रवानगी होते.

१९७४ आणि १९७८ ही दोन वर्षे या विषयाच्या दृष्टीने विशेष महत्त्वाची आहेत. १९३३ पासून गोलाचे खांब एंड झोनच्या पुढच्या रेषेवर उभे होते. १९७४ साली ते मागच्या रेषेवर नेले गेले, आणि एंड झोनमधील पासांच्या वाटेतला अडथळा दूर झाला. १९७८ चा बदल याहून खोल होता. तोपर्यंत चेंडू फेकला जाईपर्यंत बचावपटू रिसीव्हरला मैदानभर धक्के देत अडवू शकत असे, आणि पिट्सबर्ग स्टीलर्सचा ६ फूट ३ इंची कॉर्नरबॅक मेल ब्लाउंट हे काम इतक्या प्रभावीपणे करीत असे की नवा नियम त्याच्याच नावाने ओळखला जाऊ लागला. या नियमाने असे शारीरिक अडथळे रेषेपासून ५ यार्डांच्या आतच मर्यादित केले. परिणाम दुहेरी झाला. लहान चणीच्या रिसीव्हरला ५ यार्डांनंतर कोणी हात लावू शकत नव्हते, तेव्हा वेग आणि वळण यांची किंमत वाढली. आणि त्याच वेळी बचावपटूला उंच रिसीव्हरला धक्के देऊन खाली खेचता येत नव्हते, तेव्हा हवेतील जागेचीही किंमत वाढली. एकाच नियमाने दोन परस्परविरुद्ध शरीरांना बळ दिले, आणि उंचीच्या बाजूने किंवा विरुद्ध सरसकट निष्कर्ष काढणे तेव्हापासून अधिकच कठीण झाले.

ब्लाउंटच्याच संघात लिन स्वान हा ५ फूट ११ इंचांचा रिसीव्हर होता, ज्याने लहानपणी बॅले नृत्याचे शिक्षण घेतले होते. हवेत शरीर वळवून, पडता पडता घेतलेल्या झेलांसाठी तो आजही आठवला जातो, आणि दहाव्या सुपर बोलचा, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्याचा, तो सर्वोत्कृष्ट खेळाडू ठरला. हवेत राज्य करण्यासाठी उंची अनिवार्य नाही याचा याहून चांगला पुरावा क्वचित मिळेल. १९८५ साली सोळाव्या क्रमांकावर निवडला गेलेला ६ फूट २ इंची जेरी राइस हा दुसऱ्या अंगाने पुरावा आहे. त्याचा प्रशिक्षक बिल वॉल्श याच्या पद्धतीत चेंडू लवकर, ठरलेल्या ठोक्यावर आणि छातीच्या उंचीवर फेकला जाई, जेणेकरून रिसीव्हर झेल घेऊन न थांबता धावत राहील. राइसने या काटेकोरपणावर १,५४९ झेल, २२,८९५ यार्ड आणि १९७ टचडाउन झेल असे विक्रम उभे केले. त्याची उंची त्याच्या कामाला पुरेशी होती. त्याला महान केले ते रूटमधील अचूकतेने आणि ज्याची आख्यायिका झाली त्या सरावाने.

मग १९९८ साली रँडी मॉस आला आणि प्रश्न पुन्हा उघडा झाला. ६ फूट ४ इंचांचा मॉस मिनेसोटा व्हायकिंग्जसाठी पहिल्याच वर्षी १७ टचडाउन झेलून गेला, आणि त्याच विभागातील ग्रीन बे संघाला त्याने इतके हैराण केले की १९९९ च्या ड्राफ्टमध्ये त्या संघाने आपल्या पहिल्या तिन्ही निवडी कॉर्नरबॅकांवर खर्च केल्या. एका रिसीव्हरच्या शरीरामुळे प्रतिस्पर्ध्याने आपली संघबांधणी बदलावी याचे हे ठळक उदाहरण आहे. परंतु मॉसची दहशत उंची आणि वेग यांच्या संयोगात होती: बचावपटूने मागे राहून खोल पासाची काळजी घेतली नाही तर तो पुढे निघून जाई, आणि काळजी घेतली तरी चेंडू डोक्यावरून काढून घेई. २००७ साली न्यू इंग्लंड पेट्रिअट्सकडून एका हंगामात २३ टचडाउन झेल घेण्याचा त्याचा विक्रमही याच संयोगाचे फळ होते. याच घडणीचा पुढचा, अधिक धिप्पाड अवतार म्हणजे डेट्रॉइट लायन्सचा ६ फूट ५ इंची कॅल्विन जॉन्सन. २०१२ साली त्याने एका हंगामात १,९६४ यार्डांचा विक्रम केला. तरीही डेट्रॉइटचाच इतिहास सावध करतो. जॉन्सनच्या आधी, २००३, २००४ आणि २००५ अशा सलग तीन वर्षी, त्या संघाने पहिल्या फेरीत उंच, धिप्पाड रिसीव्हर निवडले होते, त्यांतील पहिला आणि तिसरा पूर्ण अपयशी ठरले, आणि तिसरा तर जॉन्सनच्याच उंचीचा होता. स्वतः जॉन्सनने २००८ साली १२ टचडाउन झेलले, त्या वर्षी लायन्स १६ पैकी १६ सामने हरले.

उंचीची सर्वाधिक मागणी होते ती एंड झोनपासून शेवटच्या २० यार्डांत, ज्याला रेड झोन म्हणतात. येथे बचावपटूंच्या पाठीमागची जागा आकसते, सेफ्टीला खोल जाण्याचे कारण उरत नाही, आणि मैदानाची मागची रेषाच जणू बचावाच्या बाजूने खेळू लागते. सर्व आडव्या वाटा बंद झाल्यावर कोपऱ्याकडे उंच कमानीत टाकलेला पास, म्हणजे फेड, हा स्वाभाविक उपाय वाटतो. पण बचावपटू अंगाला अंग लावून असताना घ्यायचे झेल उत्तम रिसीव्हरांच्या हातूनही निम्म्याच्या आसपासच जमतात, आणि म्हणून अनेक प्रशिक्षकांना अलीकडे फेडपेक्षा मांडणीच्या चलाखीने एखाद्याला पूर्ण मोकळे करणे अधिक शहाणपणाचे वाटू लागले आहे. येथे प्रशिक्षकांचे म्हणणे पटण्यासारखे आहे. उंची हा शेवटचा उपाय म्हणून अमूल्य आहे. पहिला उपाय म्हणून तिच्यावर विसंबणारा संघ मांडणीतील उणीव खेळाडूच्या हातांवर ढकलत असतो.

बचावानेही उंचीला उंचीनेच उत्तर दिले. २०१० नंतरच्या दशकात सिअ‍ॅटल सीहॉक्सने ६ फूट ३ इंची रिचर्ड शर्मन आणि ६ फूट ४ इंची ब्रँडन ब्राउनर यांना कॉर्नरबॅक म्हणून उभे केले, तेव्हा हवेतील ती २४ सेंटिमीटरांची पट्टी जवळजवळ नाहीशी झाली. या चढाओढीचे सारे पैलू १ फेब्रुवारी २०१५ रोजी झालेल्या एकोणपन्नासाव्या सुपर बोलमध्ये एकवटले. सिअ‍ॅटलचा ६ फूट ५ इंची ख्रिस मॅथ्यूज, ज्याने तोपर्यंत लीगमध्ये एकही झेल घेतला नव्हता, त्याने न्यू इंग्लंडच्या आखूड बचावपटूंच्या डोक्यावरून ४ झेल, १०९ यार्ड आणि एक टचडाउन मिळवले. उत्तरार्धात न्यू इंग्लंडने मॅथ्यूजसमोर ब्राउनरला आणले, जो तोपर्यंत सिअ‍ॅटल सोडून त्यांच्याकडे आला होता, आणि मॅथ्यूजचा ओघ आटला. सामन्याचा निकाल मात्र शेवटच्या क्षणी लागला तो ५ फूट ११ इंचांच्या माल्कम बटलरने एंड झोनच्या तोंडाशी, छातीच्या उंचीवरून आलेला पास रोखून काढून घेतल्यामुळे. ब्राउनरने शेजारच्या रिसीव्हरला रेषेवरच दाबून धरल्याने बटलरची वाट मोकळी राहिली होती. एकाच सामन्यात उंची निर्णायक ठरली, निष्प्रभ झाली आणि अखेर पाऊलभर आधी निघण्याच्या अंदाजापुढे गौण ठरली.

कमी उंचीच्या रिसीव्हरांची परंपरा तितकीच समृद्ध आहे, परंतु तिचा अर्थ लावताना एक सांख्यिकीय सापळा टाळावा लागतो. कॅरोलिना पँथर्सचा ५ फूट ९ इंची स्टीव्ह स्मिथ २००५ साली यार्डांत लीगमध्ये पहिला आणि झेल व टचडाउन झेल यांत संयुक्तपणे पहिला होता. तेवढ्याच उंचीचा वेस वेल्कर, ज्याला ड्राफ्टमध्ये कोणीच घेतले नव्हते, तीन हंगामांत झेलांच्या यादीत अग्रस्थानी किंवा संयुक्त अग्रस्थानी राहिला. अँटोनियो ब्राउन सहाव्या फेरीत आणि ज्युलियन एडलमन सातव्या फेरीत निवडले गेले, आणि दोघेही ५ फूट १० इंचांचे होते. यावरून उंचीला महत्त्वच नाही असा निष्कर्ष काढणे मोहक असले तरी सदोष आहे. आखूड खेळाडूला लीगमध्ये शिरण्यासाठीच असामान्य चपळता किंवा वेग दाखवावा लागतो, तर उंच खेळाडूला सामान्य कौशल्यावरही संधी मिळते. परिणामी निवडून आलेल्यांच्या गटात आखूड खेळाडू सरासरीने अधिक कुशल दिसतात, आणि निवडीच्या चाळणीत गळून गेलेले असंख्य आखूड खेळाडू कोणत्याच तक्त्यात येत नाहीत. दुसरीकडे, उंच खेळाडूंना अधिक संधी मिळत असल्याने एकूण आकडे त्यांच्या बाजूने फुगलेले असतात. लीगमधील रिसीव्हरची सरासरी उंची सुमारे ६ फूट, म्हणजे सामान्य अमेरिकन पुरुषापेक्षा सुमारे ३ इंचांनी अधिक आहे, हेही ध्यानात ठेवावे. येथे ज्याला आखूड म्हटले जाते तो रस्त्यावर चारचौघांसारखाच दिसेल.

२०१४ चा ड्राफ्ट या चर्चेसाठी विशेष उपयुक्त आहे, कारण त्यात एकाच वर्षी सर्व बांध्यांचे रिसीव्हर पहिल्या फेरीत गेले. शाळेत प्रामुख्याने बास्केटबॉल खेळलेला ६ फूट ५ इंची माइक एव्हन्स सातव्या क्रमांकावर टॅम्पा बे बकनिअर्सकडे गेला आणि २०१४ ते २०२४ असे सलग ११ हंगाम त्याने १,००० यार्डांचा टप्पा गाठून राइसच्या विक्रमाशी बरोबरी केली. त्याच उंचीचा केल्विन बेंजामिन अठ्ठाविसाव्या क्रमांकावर गेला, पहिल्या वर्षी १,००० यार्ड पार करूनही पुन्हा तेथे पोहोचला नाही. ५ फूट ११ इंचांचा ओडेल बेकहॅम बाराव्या क्रमांकावर गेला, आणि त्याच वर्षी २३ नोव्हेंबरला डॅलसविरुद्ध मागे झुकून एका हाताने घेतलेल्या त्याच्या झेलातून पल्ला म्हणजे केवळ उंची नव्हे हे साऱ्या देशाने पाहिले. त्याच्या पंजाची रुंदी १० इंच भरली होती, जी त्याच्याहून बऱ्याच उंच खेळाडूंनाही लाभत नाही.

ड्राफ्टपूर्वी दर वर्षी होणाऱ्या कम्बाइन नावाच्या सामूहिक चाचणीत, जी १९८७ पासून इंडियानापोलिस येथे भरत आली आहे, खेळाडूची उंची इंचाच्या आठव्या भागापर्यंत मोजून चार अंकी आकड्यात नोंदवली जाते. ६०३३ याचा अर्थ ६ फूट ३ इंच आणि तीन-अष्टमांश. हीच नोंद २०१९ साली डी. के. मेटकाफच्या नावापुढे लागली. त्याचे वजन २२८ पौंड, ४० यार्डांची धाव ४.३३ सेकंद आणि उभी उडी ४०.५ इंच होती, म्हणजे उंची, वजन, वेग आणि झेप यांचा दुर्मीळ मेळ. परंतु तीन शंकूंभोवती वळत धावण्याच्या, दिशाबदल तपासणाऱ्या चाचणीत त्याला ७.३८ सेकंद लागले, आणि संघांनी त्या एका आकड्यातून त्याच्या रूटची मर्यादा वाचली. तो चौसष्टाव्या क्रमांकापर्यंत, दुसऱ्या फेरीच्या अखेरीपर्यंत, घरंगळत गेला. सिअ‍ॅटलने त्याला घेतले, बाहेरच्या जागेवर बहुतांशी सरळ आणि खोल रूट दिले, आणि २०२० साली त्याने १,३०३ यार्ड मिळवले. शंकूंच्या चाचणीने दाखवलेली उणीव खरीच होती. सिअ‍ॅटलने त्याला अशा जागी उभे केले की तिची फारशी गाठच पडू नये. पुढील प्रकरणांत प्रत्येक जागेचा, एक्सपासून स्लॉटपर्यंत, स्वतंत्र विचार करण्याचे कारण हेच आहे.